फुईची उडी

"हात काढ."

फुई माझ्याशी बोलली ते हे पहिले दोन शब्द.

शहाद्याच्या एका हाडांच्या दवाखान्यात मी पेशंटकडून व्यायाम करून घेते. माझ्या पदवीला लांबलचक इंग्रजी नाव आहे, पण लोकांच्या तोंडी मी 'कसरतवाली बाई'. खुब्याचं ऑपरेशन झालेल्या माणसाला दुसऱ्या दिवशी उभं करायचं, हे माझं पहिलं काम. त्या वेळी भलेभले हलतात. उसाच्या ट्रकवर मोळ्या चढवणारे गडी 'ताई, सोडू नका' म्हणत माझ्या खांद्याला लटकलेले मी पाहिले आहेत. आणि इथं ऐंशी पार केलेली, वाळून काडी झालेली एक म्हातारी मी पुढं केलेला हात चापट मारून बाजूला सारत होती.

"हात काढ. मन्हं मी देखी लेसू."

मग तिनं समोरच्या वॉकरकडं संशयानं पाहिलं. "हे लोखंडनं बकरं कोनं?"

"तुमचंच."

"मारकं नही ना?"

आणि ती उभी राहिली. पाय लटपटत होते, चेहरा नाही. चार पावलं टाकली, वळली, परत आली आणि खाटेवर बसताना मला म्हणाली, "तुन्ही नोकरी व्हई गई आजनी. जाय, चहा पी."

आमच्या खानदेशात आत्याला फुई म्हणतात. भावाच्या घरी ती इतकी वर्षं राहिली की सगळ्या गावाचीच फुई झाली. दोन दिवसांत आमच्या नर्सही तिला फुई म्हणायला लागल्या. तिचं खरं नाव मी इथं लिहीत नाही. खरं म्हणजे नावं दोन होती, एक बापानं ठेवलेलं आणि एक कंपनीनं. दोन्ही का लिहीत नाही, ते पुढं कळेल.

ऑपरेशनच्या आधी तिचे एक्सरे काढले तेव्हा आमचे डॉक्टर चक्रावले होते. गळपट्टीचं हाड दोनदा मोडून जुळलेलं. तीन बरगड्या जुन्या काळी तुटलेल्या. उजवं मनगट, डावा घोटा. पाठीच्या दोन मणक्यांची तर पार चपटी भाकरी झालेली. डॉक्टरांनी तिच्या भाच्याला बाजूला घेतलं. त्यांना वाटलं, या बाईला कुणी आयुष्यभर मारलं आहे की काय.

भाचा साठीचा, केळी, ऊस आणि कापूस पिकवणारा बागायतदार, भला माणूस. पण त्या प्रश्नावर तो एकदम जमिनीकडं पाहायला लागला. "लहानपणी पडली असेल कुठं," तो म्हणाला. "आम्हाला काही माहीत नाही."

खाटेवरून आवाज आला, "लहानपणे नही. पगार लिसन पडेल शे मी."

भाच्यानं मान आणखी खाली घातली. डॉक्टर माझ्याकडं पाहायला लागले. फुईच चिडून पुढं म्हणाली, "आणि त्या हाडे दाखाडू नका माले. त्या मन्ह्या मेहनतन्या शेत. लाज या नव्या हाडनी वाटस. चालता घोडावरतीन उडी मारी तरी उभी ऱ्हायनी मी, आणि न्हाणीमा साबणनी पाडी दिनं माले!"

तिला खुबा मोडल्याचं दुःख नव्हतं. तो साबणानं मोडला, याचा अपमान झाला होता.

घरी सोडल्यावर आठवड्यातून दोनदा मी तिच्या गावी जायची. शहाद्याहून सारंगखेड्याच्या बाजूला, तापीच्या काठी गाव. स्कूटीवर वीसेक मिनिटं. भाच्याचं घर मोठं, स्लॅबचं, पण फुईची खोली मागच्या अंगणात वेगळी. भिंतीवर देवाचं एक कॅलेंडर, बाकी काही नाही. पगार घेऊन कुठं पडलात, असं मी दवाखान्यात विचारलं तेव्हा ती 'सिनेमामा' एवढंच म्हणाली होती. मला वाटलं होतं, सिनेमातल्या बाईच्या खोलीत फोटो असतील. एकही नव्हता.

"फोटो कशाले?" ती म्हणाली. "मी शे ना आठे."

व्यायामाच्या वेळी दुखलं की माणसं ओरडतात, फुई गोष्ट सांगायची. गुडघा उचलताना एक, पाय बाहेर नेताना दुसरी. तुकड्या-तुकड्यानं मला जे कळलं ते असं.

तिचा बाप घोड्यांचा जाणकार होता. सारंगखेड्याच्या यात्रेत घोड्यांचा बाजार भरतो, तिथं तो जनावरं पारखून द्यायचा. आईवेगळी पोर त्याच्या मागं मागं. सातव्या वर्षी ती खोगिराशिवाय बसायची. एका यात्रेत मुंबईची सिनेमा कंपनी घोडे घ्यायला आली. त्यांना आवडलेली घोडी भरबाजारात उधळली, माणसं पांगली, आणि सोळा वर्षांच्या या पोरीनं तिला आयाळीला धरून वर चढून फिरवत फिरवत शांत केलं. कंपनीनं तीन घोडे घेतले. नवी जनावरं रुळेपर्यंत बाप बरोबर गेला आणि बापाबरोबर लेक.

मुंबईबाहेर एका नदीकाठी चित्र चाललं होतं राजकन्येचं. राजकन्या पुलावरून पळते, पूल मधेच तुटलेला, ती घोड्यासकट फट ओलांडून पलीकडं जाते. नायिका त्या वेळची मोठी बाई. ती घोड्याजवळ गेली, घोडीनं फुरफुर केलं आणि बाई तंबूत जाऊन बसल्या. दोन दिवस शूटिंग अडलं. तिसऱ्या दिवशी दिग्दर्शकाला बाजारातली पोर आठवली. नायिकेचा झगा तिच्या अंगावर चढवला आणि सांगितलं, "तोंड इकडे करायचं नाही. कॅमेऱ्याला पाठ दिसली पाहिजे."

"मंग?" मी विचारलं.

"मंग काय? उडनी मी."

बाप म्हणाला होता एकच दिवस. त्याची दोन वर्षं झाली. बाप घोडे सोडून परत आला, लेक राहिली. कुणी घोड्यावरून पडायचं असलं, गच्चीवरून उडी मारायची असली, जळत्या गवतातून पळायचं असलं, की बाईंचा झगा तिच्या अंगावर. सेटवर तिला 'डुप्लिकेट' म्हणत. नाव कुणी विचारलं नाही.

आणि एका दिवशी भरधाव घोड्यावरून जाताना तिनं मान वळवून सरळ कॅमेऱ्यात पाहिलं.

दिग्दर्शक ओरडला. का वळलीस म्हणून विचारलं. तिनं सांगितलं, "मान अवघडली."

पुन्हा घोडा पळवला. पुन्हा तिनं पाहिलं.

"पुन्हा अवघडली?" मी विचारलं.

"नही," फुई म्हणाली. "त्या वखतले मी हसनी बी."

कंपनीनं त्याच दिवशी तिला हाकललं. पण ती वाया गेलेली फीत मारधाडीचे सिनेमे काढणाऱ्या एका लहान निर्मात्यानं पाहिली. हिला पाठमोरी ठेवणारा माणूस आंधळा असला पाहिजे, असं तो म्हणाला म्हणे. त्यानं तिला विजार घातली, डोळ्यांवर काळी पट्टी बांधली, हातात चाबूक दिला आणि नायिका केलं. अशी सहा-सात चित्रं झाली. शहरांतल्या मोठ्या थिएटरांत ती कधी लागली नाहीत, पण गावोगावच्या तंबूंत लोक भुईवर बसून शिट्ट्या मारत पाहायचे. तिचा भाऊ नंदुरबारला बाजाराला गेला होता. तंबूबाहेरच्या भिंतीवर बहिणीचं चित्र, विजार घातलेलं, पाय फाकून उभं. त्यानं ते फाडलं.

हे सांगताना फुईचा पाय मी हवेत धरला होता. ती म्हणाली, "भाऊले फाडता नही उनं नीट. पाय फाटनात. तोंड ऱ्हायनं व्हतं भिंतवर. लोकेसनी सांगं माले."

शेवटच्या चित्रात ओल्या खडकावर घोड्याचा पाय घसरला. चपटे मणके ते तेव्हाचे. सहा महिने मुंबईच्या दवाखान्यात प्लास्टरमध्ये. तोवर निर्माता बुडाला, कंपनी गेली. दर रविवारी कंपनीचा म्हातारा शिंपी तेवढा यायचा, खाटेजवळ बसून मुकाट्यानं तिचे केस विंचरायचा आणि निघून जायचा. त्याचं नाव सांगताना मात्र तिचा आवाज बदलायचा.

मग ती एक पत्र्याची पेटी घेऊन गावी आली. बाप गेलेला. भाऊ दारात उभा राहिला. "आठे तुन्हं काय शे?" त्यानं विचारलं.

"मी पडेल शे," ती म्हणाली. "पडेल माणूसले घर लागस."

आणि ओट्यावर पेटी ठेवून तिच्यावर बसली. गाव जमलं. संध्याकाळपर्यंत ती हलली नाही, रडली नाही, कुणाच्या पाया पडली नाही. शेवटी वहिनी आतून पाण्याचा तांब्या घेऊन आली, नवऱ्याकडं न पाहता पेटीची एक कडी तिनं धरली आणि म्हणाली, "नणंदबाई, दुसरी बाजू तुम्ही धरा."

भाऊ त्यानंतर अठ्ठावीस वर्षं जगला. बहिणीशी बोलला, पण सिनेमा हा शब्द त्या घरात निघाला नाही. फुई बापाचं काम करायला लागली. लोकांनी अडेलतट्टू घोडी आणून दिली की ती महिन्याभरात वळवून द्यायची. आधी माणसं हसली, मग रांगा लागल्या. भाच्याला लहानपणी तिनंच घोड्यावर बसवलं. त्या भाच्याला सगळं माहीत होतं. बापाच्या घरातली गप्प बसायची सवय तेवढी त्यानं पुढं चालवली होती.

मी मोबाइलवर तिचं कंपनीनं ठेवलेलं नाव शोधलं. काही सापडलं नाही. तिच्या त्या सहा-सात चित्रांच्या फिती कुठं उरल्याच नाहीत. जळल्या, कुजल्या, कुणाला माहीत. उरलं होतं ते एकच, राजकन्येचं चित्र. ते गाजलं होतं, त्यातली पुलावरची उडी अजून लोकांना आठवते. म्हणजे तुम्ही बघा, या बाईचं पडद्यावर जे काही शिल्लक होतं त्यात तिचं तोंड नव्हतं, आणि ते दुसरीच्या खात्यावर होतं.

"तुम्ही पाहिलंय ते?" मी विचारलं.

"दुसरीना नावे मन्ही पाठ देखाले मी तिकीट काढू?"

पाहिलं नव्हतं. एकदाही नाही.

पावसाळा सरता सरता शहाद्याच्या एका कॉलेजनं जुने सिनेमे दाखवायचं ठरवलं. आमच्या दवाखान्याच्या फलकावर पत्रक लागलं. यादीतला दुसराच सिनेमा राजकन्येचा होता. सांगावं की नाही, असा मी दोन दिवस विचार केला. मग गुडघ्याच्या व्यायामात सांगून टाकलं.

फुईचा पाय थांबला. "कवय?"

"तीन आठवड्यांनी. दुपारी. पण हॉल वरच्या मजल्यावर आहे."

भाचा दारातच होता. त्यानं ऐकलं. "फुई, आता कशाला?" तो समजावणीच्या सुरात म्हणाला. "लोकं विसरले. घरात पोरीच्या सोयरिकीचं बोलणं चाललंय. समोरचे लोक जुन्या वळणाचे आहेत."

"लोके इसरी ग्यात," फुई म्हणाली. "मी नही इसरनी."

"मी तुला खुर्चीवर बसवून नेऊ का वर? चार पोरं उचलतील."

"मुडदा शे का मी? पायवर जासू."

पुढचे तीन आठवडे तिनं माझा जीव काढला, असं लिहिलं तर खोटं ठरणार नाही. गावातल्या महादेवाच्या देवळाला पायऱ्या आहेत. रोज सकाळी ती तिथं चढ-उतार करायची, मी असले-नसले तरी. चढताना चांगला पाय आधी, उतरताना दुखरा आधी, हे तिला एकदाच सांगावं लागलं. दुखायचं तेव्हा ती स्टुडिओतल्या हिंदीत शिव्या द्यायची. देवळातला गुरव आत जाऊन घंटा वाजवायचा, म्हणजे देवाला ऐकू जाऊ नये.

त्या दिवशी आम्ही कॉलेजात पोचलो तेव्हा भाचाच गाडी चालवत होता. फुई काठी घेऊन जिना चढली, प्रत्येक पायरीवर दोन्ही पाय टेकवत. मी मागं, भाचा माझ्या मागं. वर हॉलमध्ये शंभरेक मुलं-मुली, थोडे म्हातारे लोक. आम्ही तिसऱ्या रांगेत बसलो. भाचा मात्र शेवटच्या रांगेत, भिंतीला टेकून उभा.

एक तरुण प्राध्यापक बोलायला उठला. छान बोलत होता, मनापासून. काळ कसा होता, यंत्रं कशी जड होती. मग म्हणाला, "आणि ती सुप्रसिद्ध उडी! त्या काळात डुप्लिकेट न वापरता नायिकेनं ती स्वतः मारली. स्त्रीच्या धैर्याचं एवढं मोठं उदाहरण..."

"खोटं."

आवाज मोठा नव्हता, पण हॉल वळला. फुई उभी राहिली होती.

प्राध्यापक गोंधळला, पण अदबीनं बोलला. "आजी, पुस्तकात तसं लिहिलंय."

"पुस्तक लिखणारा घोडावर बसेल व्हता का?"

मुलं हसली. प्राध्यापकही हसला. "मग कुणी मारली?"

"मी."

आता हसू वेगळं होतं. म्हाताऱ्या माणसाला चुचकारताना जे हसतात ना, ते. प्राध्यापक म्हणाला, "बरं आजी, आपण चित्र बघू या, मग तुमच्या आठवणीही ऐकू." फुई शांतपणे म्हणाली, "देखू," आणि उभीच राहिली. बसा म्हटलं तर बसेना.

चित्र सुरू झालं. पाऊण तासानं राजकन्या पळायला लागली. पूल दिसायच्या आत फुई बोलायला लागली. हॉलभर ऐकू जाईल अशी, एकेक शब्द ठेवत.

"आते घोडी दोन पाऊल कमी टाकी. तिले मी लगाम ना लावता मांडी दाबेल शे. आते उडी. खाले उतरताना तिना उजवा पाय दुमडाई, मी डावीकडे झुकसू, हात आयाळमा जाई."

पडद्यावर घोडीनं उडी घेतली. पलीकडं टेकताना तिचा उजवा पाय दुमडला. वरची पाठमोरी मुलगी डावीकडं झुकली, तिचा हात आयाळीत गेला.

पुढच्या रांगांतली मुलं वळून फुईकडं पाहायला लागली.

"आते त्या बाईनं तोंड ई," फुई म्हणाली. "मन्ही पाठ वल्ली शे. खाले पाणी व्हतं, उडेल शे. तिनं तोंड मुंबईमा काढेल शे, पंखा लाईसन. ते कोरडं राही."

चेहरा आला. मोठा, सुंदर आणि ठणठणीत कोरडा. एक केस ओला नव्हता.

"थांबवा," कुणीतरी मुलगी पुढून ओरडली. "सर, मागं घ्या!"

प्राध्यापकानं लॅपटॉपवर चित्र मागं घेतलं, थांबवलं. पाठ. झगा भिजून पाठीला चिकटलेला, खांद्याची हाडंसुद्धा दिसत होती. पुढं केलं. कोरडा चेहरा. पुन्हा मागं. तीनदा पाहिलं. तिसऱ्या वेळी त्यानं ती पाठ तशीच पडद्यावर ठेवली आणि लाइट लावायला सांगितले.

फुई पडद्याकडं पाहत होती. आपली ही उडी ती आयुष्यात पहिल्यांदाच पाहत होती, हे त्या हॉलमध्ये फक्त मला माहीत होतं. ती हळू आवाजात, मला एकटीलाच म्हणाली, "केवढी बारीक व्हती मी."

मागून कुणी एक म्हातारे गृहस्थ विचारत होते, "कोण आहे ही बाई? कुठली?" तेव्हा भिंतीला टेकलेला भाचा सरळ झाला. त्याचा आवाज दारापर्यंत ऐकू गेला.

"मन्ही फुई शे ती. तिनी मारेल शे उडी. आम्हले माहीत व्हतं."

प्राध्यापकाकडं पाहुण्यांसाठी शाल आणि नारळ होतेच. ते घेऊन तो धावत आला. फुईनं शाल त्याच्या हातातच दाबली. "शाल ऱ्हावू दे. उद्या पोरेसले शिकाडशी तवय काय सांगशी?"

"तुमचं नाव सांगेन, आजी. नाव सांगा, आत्ता लिहून घेतो."

"नाव नको. नाव लोके इसरतस. नाव नही सांगं तरी चाली, खोटं सांगू नको. एक पोर व्हती, तिले तोंड दाखाडू दिनं नही, तरी ती उडनी. इतलं सांग."

म्हणून मी नाव लिहीत नाही.

याची किंमत लागलीच मोजावी लागली. शहादा लहान गाव आहे. चार दिवसांत सोयरिकीच्या लोकांच्या कानावर गेलं. ते बोलायला आले. घरातल्या बायकांनी फुईला मागच्या खोलीतच ठेवायचं ठरवलं होतं. ती काठी टेकत पुढं आली, बैठकीत खुर्ची ओढून बसली आणि म्हणाली, "तुम्ही ऐकेल शे ते खरं शे. मी सिनेमामा व्हती, विजार घालीसन. चालत व्हई ते चहा पिवा. नही चालत व्हई ते दरवाजा उघडाच शे."

ते चहा प्यायले. पण आठ दिवसांनी पत्रिका जुळत नसल्याचा निरोप आला.

भाचा पंधरा दिवस फुईशी बोलला नाही. मी जायची तेव्हा ती व्यायाम करायची, पण गोष्ट सांगायची नाही. एकदा तिनं भाच्याच्या मुलीला बोलावलं. मुलगी कॉलेजात शिकणारी, शांत, फार न बोलणारी. फुई तिला म्हणाली, "मन्हामुळे मोडनं. तू मन्हावर राग काढ, चाली. पण मी मागे लपनी नसती, हे बी सांगी ठेवस."

मुलगी म्हणाली, "फुईआजी, ज्या घरात तुला लपवावं लागतं तिथं मला दोन महिन्यांत लपवलं असतं." आणि आपल्या कामाला गेली.

फुईनं ती गेली त्या दाराकडं पाहिलं. मग पाय उचलून माझ्यापुढं धरला. "चाल. तुन्हं काम कर."

थंडी पडली. शेतातला कापूस वेचून घरी आला. फुईच्या शेजारची खोली कंबरेपर्यंत भरली. तिचे व्यायाम संपले होते, मी आता नुसतीच भेटायला जायची. शेवटच्या भेटीत ती कापसाच्या खोलीच्या उंबऱ्यावर बसली होती. मला म्हणाली, "तुम्ही डाक्टर लोके पडू नका, पडू नका, इतलंच सांगतस. पडानं कसं, ते कोनीच शिकाडत नही."

"कसं पडायचं?"

"पाठ फिराव. हनुवटी छातीले लाव. श्वास सोड. आंग कडक करू नको. आणि पडानं ठरावं का मंग अर्धं पडू नको."

मी पंचेचाळीस वर्षांची बाई. भाच्याच्या घरात माणसं होती. मी म्हटलं, "फुई, कुणी पाहील."

"पाहू दे ना! चाल. पड."

मी पडले. पाठीवर, कापसात, हात-पाय सोडून. तोंडात कापूस गेला. फुई काठी आपटत हसत होती, तिच्या त्या जुळलेल्या बरगड्या धरून. "अर्धी पडनी!" ती ओरडली. "परत!"

मी चारदा पडले. चौथ्या वेळी तिनं नुसती मान हलवली. तिच्याकडून एवढंच मिळायचं.

संक्रांतीनंतर एका सकाळी भाच्याची मुलगी चहा घेऊन गेली, तर फुई उठलीच नाही. मला कळलं तेव्हा मी दवाखान्यात होते. तापीच्या काठावर सगळं आटोपल्यावर पोचले. भाचा घाटावर एकटा बसला होता. मी जवळ गेले तर म्हणाला, "ताई, लहानपणी मी घोड्यावरून पडायचो तेव्हा ती मला कधी उचलायची नाही. उभी राहून बघायची. मला वाटायचं, हिला माया नाही."

दहाव्याला मी पुन्हा गेले. घर पाहुण्यांनी भरलं होतं. अंगणात मंडप, बायका ओळीनं बसलेल्या, कुणीतरी अभंग म्हणत होतं. फुईच्या खोलीला कुलूप नव्हतं, पण आत कुणी नव्हतं. शेजारच्या खोलीत कापूस तसाच होता. उंबऱ्यावर भाच्याची मुलगी उभी. रडून रडून डोळे सुजलेले. तिनं माझ्याकडं पाहिलं, मग कापसाकडं.

"ताई," ती हळूच म्हणाली, "तुम्हाला शिकवलं होतं ना तिनं? मला पण शिकवायचं म्हणाली होती. राहून गेलं."

मी अंगणाकडं पाहिलं. मग चपला काढल्या. तिला सांगितलं, पाठ फिरव, हनुवटी छातीला लाव, श्वास सोड. आणि आम्ही दोघी, एकदमच, पडलो. कापूस उडाला. ती मुलगी हसायला लागली आणि हसता हसता पुन्हा रडायला. तेवढ्यात दारात सावली आली. भाचा होता. पांढरा पंचा, मुंडण केलेलं डोकं. त्यानं आपल्या लेकीकडं पाहिलं, माझ्याकडं पाहिलं. मागून कुणीतरी त्याला विचारत होतं, आत काय चाललंय.

"काही नही," तो म्हणाला, आणि बाहेरून दार हळूच ओढून घेतलं.